एक तारखेचा पगार

गेल्या दिवाळीत बाभुळगावला गेलो तेव्हा दहावी-बारावीच्या पोरांसमोर बोलायचा आग्रह झाला. विषय ठरलेला: शिक्षणातून गरिबीवर मात. मी पुण्यात सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, म्हणजे बोलायला लायक. तयारी म्हणून घरातलं नरेंद्र जाधवांचं ‘आमचा बाप आन् आम्ही’ पुन्हा काढलं. दोन-चार प्रसंग उचलायचे आणि टाळ्या घ्यायच्या, एवढाच हेतू होता. पुस्तक संपलं तेव्हा मात्र माझं तयार भाषण मलाच खोटं वाटायला लागलं.

हे पुस्तक 1993 साली आलं. त्याची गोष्ट आपल्याला न वाचताही माहीत असते. नाशिकजवळच्या ओझरचा, शाळा न शिकलेला एक महार तरुण मुंबईला येतो, गोदीत नोकरी करतो, पोरांना शिकवतो. एक मुलगा सनदी अधिकारी होतो. दुसरा अमेरिकेतून अर्थशास्त्रात पीएच. डी. करून रिझर्व्ह बँकेत जातो आणि पुढे पुणे विद्यापीठाचा कुलगुरू होतो. एका पिढीत एवढी उडी! म्हणून व्हॉट्सअ‍ॅपवर, स्पर्धा परीक्षांच्या क्लासमध्ये, सत्काराच्या भाषणांत हे पुस्तक एका वाक्यात सांगितलं जातं: बाप जिद्दी होता, पोरं शिकली, गरिबी संपली.

पुस्तक एवढं सरळ नाही. पोरांच्या शाळेच्या आधी त्यात तीन गोष्टी घडतात. पहिली, दादा येसकरपाळी नाकारून गाव सोडतो. तो नुसता पोट भरायला शहरात येत नाही, जातीने लादलेल्या कामातून बाहेर पडतो. दुसरी, त्याला बाबासाहेबांची चळवळ भेटते. 1930 च्या काळाराम मंदिर सत्याग्रहाचा काळ त्याने आतून पाहिलेला आहे. पोरांना शिकवायचं हे त्याला एकट्याला सुचलेलं नाही. अख्खा समाज तेव्हा तसं ठरवत होता. तिसरी गोष्ट सगळ्यात कमी बोलली जाते, ती म्हणजे पोर्ट ट्रस्टची नोकरी. पगार मोठा नसेल, पण ठरलेल्या तारखेला यायचा. पाऊस आला नाही म्हणून तो थांबत नसे, कापसाचा भाव पडला म्हणून निम्मा होत नसे.

बाबासाहेबांच्या घोषणेतलं ‘शिका’ आपण उचलतो. ‘संघटित व्हा’ आणि ‘संघर्ष करा’ सत्काराच्या स्टेजवर कोणी म्हणत नाही. जाधवांच्या पुस्तकात हे तिन्ही आहे. आपण वाचक ते गाळून वाचतो. थोडा दोष पुस्तकाच्याही माथी येतो. बापाचा आवाज त्यात एवढा रांगडा, एवढा लोभस उतरलाय, की त्याच्यामागची व्यवस्था धूसर होते. वाचणाऱ्याला बाप लक्षात राहतो, गोदी राहत नाही. त्याच चाळीत, त्याच पगारावर जगलेल्या ज्या घरांतली पोरं कुलगुरू झाली नाहीत, त्यांची पुस्तकं आलेली नाहीत. आमच्या कामात फक्त यशस्वी झालेल्या रनचे लॉग बघून कोणी सिस्टिम चांगली आहे म्हणालं, तर त्याला हसतात. यशोगाथा वाचताना मात्र आपण हेच करतो.

म्हणून लगेच सदानंद देशमुखांची ‘बारोमास’ वाचायला घेतली. 2002 ची कादंबरी, 2004 चा साहित्य अकादमी पुरस्कार. बुलढाणा जिल्ह्यातलं, कोरडवाहू शेतीवर जगणारं कुणब्याचं घर. एकनाथ एम. ए., बी. एड. आहे. जिद्द आहे, डिग्री आहे, घरच्यांनी पोटाला चिमटा घेऊन शिकवलंही आहे. पण मास्तरकी मिळवायला संस्थेला पैसे द्यावे लागतात आणि ते नाहीत. म्हणजे जाधवांच्या गोष्टीतला ‘शिका’ इथे पुरेपूर हजर आहे, तरी चक्र तुटत नाही. उलट शिक्षणाने एकनाथ अर्धा शेतकरी उरलाय आणि नोकरदार झालेलाच नाही. धाकटा मधू गुप्तधनाच्या नादी लागतो. पहिल्यांदा वाचलं तेव्हा तो मला वेडपट वाटला होता. आता वाटतं, जिथे डिग्रीतून काही निघत नाही आणि वावरातूनही निघत नाही, तिथे जमिनीत पुरलेलं सोनं हा तितकाच शहाणा किंवा तितकाच येडा पर्याय आहे.

‘बारोमास’ची ताकद तिच्या वऱ्हाडीत आहे. दुःख सांगायला लेखकाला आवाज चढवावा लागत नाही, माणसं बोलतात आणि घर कसं खचतंय ते कळतं. माझी तक्रार एकच आहे. एकनाथची बायको अलका आपल्याला बहुतेक त्याच्याच नजरेतून दिसते. शहराकडची, न रुळलेली, कुरकुरणारी. पण नियमित उत्पन्न हवं हा तिचा हट्ट, माझ्या वाचनात, कादंबरीतला सगळ्यात व्यवहारी विचार आहे. दादाची गोदी ती मागत होती. कादंबरी तिला तेवढं श्रेय देत नाही.

आता माझा खोटेपणा. माझे बाबा सरकारी शाळेत शिपाई होते. घरात चैन नव्हती, पण एक तारीख होती. त्या तारखेवर किराणा उधार मिळायचा आणि कॉलेजच्या फीचे हप्ते पडायचे. माझ्यासोबत बारावीपर्यंत एक मित्र होता. गणितात माझ्या पुढे, हे मी आजही मान्य करतो. त्याच्या घरी पाच एकर कोरडवाहू कापूस. ज्या वर्षी आम्ही इंजिनिअरिंगचे फॉर्म भरले, त्या वर्षी त्यांचं बोंड सडलं. तो आज यवतमाळात एका दुकानात आहे. बाभुळगाव तालुक्यातच बेंबळेचं मोठं धरण आहे, पण त्याच्या वावराला पाणी नाही. आमच्या दोघांत जिद्दीचा फरक नव्हता. मी मात्र इतकी वर्षं ‘कष्टाने वर आलो’ हेच सांगत होतो.

आमच्या जिल्ह्याने उपाय कमी पाहिलेले नाहीत. 2006 मध्ये पंतप्रधान विदर्भात आले आणि सहा जिल्ह्यांसाठी 3,750 कोटींचं पॅकेज जाहीर झालं. 2008 ला कर्जमाफी, 2017 ला कर्जमाफी, 2019 ला पुन्हा. कर्जमाफी लागते, तिला हसणाऱ्यातला मी नाही. पण तिने मागचं खातं कोरं होतं, पुढच्या महिन्याची एक तारीख येत नाही.

याच जिल्ह्यात जानेवारी 2019 मध्ये यवतमाळला 92 वं साहित्य संमेलन झालं. नयनतारा सहगल यांना दिलेलं निमंत्रण मागे घेतल्याचा वाद पेटला आणि शेवटी उद्घाटन केलं वैशाली येडे यांनी. शेजारच्या कळंब तालुक्यातल्या राजूरच्या त्या. नवऱ्याने आत्महत्या केल्यावर अंगणवाडीत काम करून घर चालवणाऱ्या, ‘तेरवं’ या नाटकात शेतकऱ्यांच्या इतर एकल बायकांसोबत स्वतः उभ्या राहणाऱ्या. वादातून वाट काढायला आयोजकांनी त्यांना पुढे केलं, हे खरं. तरी त्या मंचावरून मराठी साहित्याला एक उणीव दिसायला हवी होती. आपल्याकडे वर गेलेल्याची आत्मकथा आहे, बुडणाऱ्याची कादंबरी आहे. जी मागे राहिली, बुडाली नाही आणि वरही गेली नाही, तिची गोष्ट जवळजवळ नाही. ‘तेरवं’ने ती निदान त्याच बायकांच्या तोंडून मांडली.

आणि अंगणवाडीत मिळतं त्याचं नाव बघा: मानधन. पगार नाही, मजुरीही नाही. काम रोजचं, जबाबदारी सरकारी आणि मोबदल्याला मात्र सन्मानाचं नाव. अंगणवाडीच्या बायकांना त्यासाठी पुन्हा पुन्हा संपावर जावं लागतं. 2023 च्या डिसेंबरमध्ये सुरू झालेला संप तर पुढच्या वर्षात गेला. दादाच्या पिढीने जे ‘संघटित व्हा’ ऐकलं ते आज कुठे ऐकू येत असेल, तर या बायकांच्या मोर्चात. एका पोराने निसटणं वेगळं आणि गावाला एक तारीख मिळणं वेगळं. पहिल्याला आपण यश म्हणतो. दुसऱ्यासाठी आपल्याकडे अजून धड शब्दही नाही.

कार्यक्रमात मी हेच बोललो. बाबांच्या पगाराचं सांगितलं, मित्राचंही सांगितलं, नाव न घेता. आयोजक जरा हिरमुसले, त्यांना मोटिवेशन हवं होतं. शाल मिळाली. बाहेर चपला घालत होतो, तर बारावीतला एक पोरगा जवळ आला.

“मंग ज्याच्या बापाले पगारच नाही, त्यानं काय करावं, दादा?”

मी त्याला शिष्यवृत्तीचा फॉर्म कधी सुटतो ते सांगितलं, कागद कोणते लागतात ते सांगितलं, माझा नंबर दिला. त्याने तो नीट सेव्ह केला. त्याने विचारलं होतं त्याचं उत्तर हे नव्हतं, आणि ते आम्हा दोघांनाही कळलं होतं.