स्यमंतक आणि हल्लींचे स्फटिक

भाद्रपद शुद्ध चतुर्थीस चंद्र दिसला कीं ठाण्या-कल्याणाकडील पुष्कळ घरांत दोषपरिहारार्थ स्यमंतकाची कथा निघते. भागवतांतला हा मणि रोज आठ भार सोनें देतो. त्याचें पूजन होतें तेथें दुष्काळ वा रोगराई येत नाहीं. अक्रूर तो घेऊन निघून जातांच द्वारकेंत उत्पात होतात. अलीकडील अद्भुत कादंबऱ्यांतले, सृष्टि सांवरणारे बहुतेक स्फटिक इथपर्यंतच पोंचतात. कोणीहि हातीं घ्यावे, त्यांचें कार्य चालूच! म्हणून त्यांच्या नायकांविषयीं आम्हांस काळजी वाटत नाहीं. भागवतकार मात्र स्वतःच विचारतात, श्रीकृष्ण जेथें राहतो तेथें केवळ मण्याच्या अभावीं अरिष्ट कसें येईल? विष्णुपुराणांत तर शुचिता न पाळणारा प्रसेन, तोच मणि कंठीं असतांना, सिंहाच्या तोंडीं पडतो.