गाण्याने काळ वाकतो का?

मंडळी, आजचा विषय थोडा विचित्र आहे. गोष्टीतला एक संशोधक घ्या. त्याला शोध लागतो की एका विशिष्ट स्वराने काळ वाकतो. आम्ही पडलो तत्त्वज्ञानाचे, त्यामुळे आमचा पहिला प्रश्न असा की या गोष्टीत नेमकं वाकतं काय? घड्याळ, की ऐकणारा माणूस?

घड्याळाचं उत्तर लवकर देऊन टाकू. काळ मंद-जलद होतो तो वेगामुळे आणि गुरुत्वाकर्षणामुळे. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं दोन्हींचा हिशेब धरला तर दिवसाला साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ही दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात दहा-एक किलोमीटरची चूक होईल आणि तुमचा ट्रॉलर मालवणला येतोय की आचऱ्याला, ते कळायचं नाही. ध्वनीकडे असलं काही सामर्थ्य नाही. हवेत सेकंदाला ३४० मीटरच्या आसपास धावणारं ते एक कंपन.

एवढं म्हटलं की सभेत एक हात वर होतोच. “सर, मग रेवतीचं काय? आपल्या पुराणात सापेक्षतावाद होताच ना?”

तर रेवतीचं बघू. कुशस्थळीचा राजा ककुद्मी, म्हणजे रैवत, मुलीसाठी वर विचारायला तिला घेऊन ब्रह्मलोकात जातो. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं. विष्णुपुराणात गाणाऱ्यांची नावंही आहेत, हाहा आणि हूहू. गाणं संपेपर्यंत राजा थांबतो. संपल्यावर विचारतो, तर ब्रह्मदेव हसतो. तू मनात धरलेल्या वरांचे नातू-पणतूही आता उरले नाहीत. भागवताच्या हिशेबाने मधे सत्तावीस चतुर्युगं उलटली.

आता नीट वाचा. गाण्याने काळ वाकवला असं पुराण म्हणतच नाही. ब्रह्मलोकातला काळ मुळातच वेगळा आहे. राजा गप्प बसून राहिला असता तरी युगं उलटलीच असती. गाण्याने केलं ते एवढंच, की त्याला प्रश्न विचारायचं थांबवलं. आणि थांबल्याचं त्याला कळलंही नाही. यात समीकरण नाही, कारण नाही, मोजमाप नाही. म्हणून याला सापेक्षतावाद म्हणणं हे आइन्स्टाइनवर अन्याय करणारं आहे, आणि आमच्या मते पुराणावर त्याहून जास्त. कारण पुराणाकडे जे खरोखर आहे, ते या अभिमानात कोणी बघतच नाही.

काय आहे? विष्णुपुराणातला ब्रह्मदेव त्या राजाला यादीच ऐकवतो. मित्र गेले, मंत्री गेले, चाकर, बायका, सैन्य, खजिना, सगळं गेलं. एका गाण्याची एवढी किंमत! राजा घाबरतो, आणि तरीही विचारतो काय, तर मुलगी कुणाला देऊ. बाप आहे ना. पुढे मात्र पुराणकार घाई करतो. रेवती फार उंच म्हणून बलराम नांगराच्या टोकाने तिला बेताची करतो, लग्न लागतं, राजा तपाला निघून जातो. आणि रेवतीला काय वाटलं? तिच्याही मैत्रिणी गेल्याच असतील की. त्यावर एक शब्द नाही. हा त्या कथेतला दोष आहे, तो आम्ही झाकणार नाही.

याच्या उलट नारळीकर. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’मधले गंगाधरपंत म्हणजे आमच्याच जातीचे, सभांचे अध्यक्ष. ते मराठे पानिपत जिंकलेत अशा मुंबईत जाऊन पोचतात, आझाद मैदानात रिकामी खुर्ची बघून व्यासपीठावर चढतात आणि श्रोत्यांचा मार खातात. (आज तशी वेळ येऊ नये.) पुराव्याला खिशात बखरीचं पान, आणि कारण सांगायला राजेंद्र देशपांडे हजर. कारणाच्या बाबतीत नारळीकर कुठे सैल सुटत नाहीत. पण गंगाधरपंतांचं गेलं काय? अध्यक्षपदाची हौस. एक अख्खं जग बघून परतलेल्या माणसाला ते जग आठवून रात्री झोप लागली का, हे आम्हांला हवं होतं.

म्हणजे एकाकडे किंमत आहे, कारण नाही. दुसऱ्याकडे कारण आहे, किंमत हलकी. आमच्या त्या स्वरवाल्या संशोधकाला दोन्ही लागतील.

भर्तृहरीने ‘वाक्यपदीया’त शब्द आणि त्याचा ध्वनी वेगळे काढलेत. द्रुत, मध्य, विलंबित हे भेद ध्वनीचे. शब्द तोच राहतो. काळाला तर तो या लोकयंत्राचा सूत्रधारच म्हणतो. सूत्रधार म्हटलं की तुम्हांला दशावतार आठवणार, आणि आठवायलाच हवा. रंगमंचावर एक बाकडं. मृदंग आणि झांज वाढते, राजा एक फेरी मारतो, आणि वनवास संपलेला असतो. रात्रभर बसलेल्या माणसाला पहाटे दहीकाला झाल्यावर कळतं की रात्र गेली. कुणाची घरी झोपलेली आई रात्रीतच आजारी पडलेली असते, कुणाचा रापणीचा वाटा चुकलेला असतो. घड्याळ कुणाचंच वाकलेलं नसतं.

संशोधक लिहायचाच असेल, तर आम्ही म्हणू, प्रयोगशाळेत नको. त्याला दशावताराच्या कंपनीत पेटीवर बसवा. त्याचा स्वर खरंच लागू दे, आणि पहाटे तो घरी जाऊ दे. दार कोण उघडतं, तिथून गोष्ट सुरू करा.