जगबुडीनंतरचा पत्ता

वॉशिंग्टनमध्ये व्हाइट हाउसच्या जागी एक खड्डा आहे. बोस्टनच्या फेनवे पार्क या बेसबॉल मैदानात पत्र्याच्या खोपट्यांचा बाजार भरतो. मॉस्कोतली उरलीसुरली माणसं मेट्रोच्या स्थानकांत राहतात आणि सिअ‍ॅटलच्या रस्त्यांवरून नदी वाहते. गेल्या तीन दशकांत व्हिडिओ गेमनी जगातली बडी बडी शहरं अशी एकामागून एक उद्ध्वस्त केली आहेत. काल्पनिक शहर पाडलं तर कुणाचं काही जात नाही. खऱ्या शहराचं तसं नसतं. तिथला कोपरा खेळणाऱ्याला ठाऊक असतो, निदान सिनेमातून पाहिलेला असतो, त्यामुळे भीती आणि हळहळ निर्मात्याला आयतीच मिळते. या आयत्या भांडवलाचं तो पुढे काय करतो, हा समीक्षेचा प्रश्न आहे.

खरं शहर गेममध्ये तीन पातळ्यांवर उतरतं. पहिली चित्राची: ओळखीची इमारत, तिला गेलेले तडे, तिच्यावर चढलेल्या वेली. दुसरी नकाशाची: रस्ते, अंतरं, कोणत्या चौकातून कुठे निघता येतं. तिसरी व्यवहाराची: पाणी कुठून येतं, माणसं ये-जा कशाने करतात, कचरा कोण उचलतं, कोणाचा शब्द चालतो. इमारती पडल्या तरी शहर जगू शकतं. हा व्यवहार मोडला की जगबुडी होते. पहिल्या दोन पातळ्यांवर ही कला आज थक्क करण्याइतकी पुढे गेली आहे. तिसऱ्या पातळीवर ती अजून चाचपडते आहे, आणि जिथे तिने ती गाठली ते गेम दिसायला सर्वांत देखणे असतीलच असं नाही.

चित्राची पातळी सिनेमाकडून आली. 'प्लॅनेट ऑफ द एप्स'च्या (१९६८) शेवटी वाळूत रुतलेला स्वातंत्र्यदेवीचा पुतळा दिसला, तेव्हापासून मोडकी खूण दाखवली की शहर गेलं असं समजायचं, हा संकेत रूढ झाला. 'होरायझन फॉरबिडन वेस्ट'मधला (२०२२) सॅन फ्रान्सिस्कोचा सांगाडा त्याच परंपरेतला: अतिशय सुंदर, पण बराचसा पाहण्यापुरता. शिवाय खूण बेवारस नसते. 'रेझिस्टन्स: फॉल ऑफ मॅन' (२००६) या गेमने परग्रहवासीयांच्या हल्ल्यात होरपळलेलं ब्रिटन रंगवताना मँचेस्टरच्या कॅथिड्रलमध्ये गोळीबार घडवला. परवानगी घेतली नाही म्हणून चर्च ऑफ इंग्लंडने २००७ साली आवाज उठवला आणि सोनीला माफी मागावी लागली. मँचेस्टरमध्ये बंदुकांची गुन्हेगारी हा तेव्हा खराखुरा प्रश्न होता, हे चर्चच्या रागाचं एक कारण. गेमपुरतं ते कॅथिड्रल म्हणजे उंच छताचं रणांगण होतं. मँचेस्टरशी त्याचं देणंघेणं नव्हतं, म्हणूनच मँचेस्टरला ते लागलं.

'फॉलआउट ३' (२००८) याच्या एक पायरी पुढे जातो. बेथेस्डा ही कंपनी मेरीलँडमधल्या रॉकव्हिलची, म्हणजे वॉशिंग्टनच्या वेशीवरची. आपल्या शेजारच्या राजधानीवर तिने अणुबॉम्ब टाकला आणि मग तिथल्या स्मारकांना कामाला लावलं. जेफरसन मेमोरियलमध्ये पाणी शुद्ध करायचं यंत्र बसवलं आहे, आणि अख्खं कथानक किरणोत्सारमुक्त पाण्याभोवती फिरतं. लिंकन मेमोरियल गुलामांचा व्यापार करणाऱ्यांच्या ताब्यात आहे. पळालेल्या गुलामांना तिथे लिंकनच्या पुतळ्याचं डोकं परत बसवायचं आहे. कुणाची बाजू घ्यायची हे खेळणाऱ्यावर सोडलेलं आहे. पुतळा इथे शोभेपुरता राहत नाही, भांडणाचं कारण होतो. शहराचा मध्यभाग ढिगाऱ्यांनी अडलेला असल्याने एका चौकातून दुसऱ्यात जायला मेट्रोच्या अंधाऱ्या बोगद्यांत उतरावं लागतं. अख्खं शहर एका दमात पेलण्याची त्या काळच्या यंत्रांची ताकद नव्हती. त्या अडचणीतून शहराचा एक नवा, भुयारी भूगोल तयार झाला.

या गेमचा दोषही व्यवहाराच्याच पातळीवरचा आहे. युद्ध २०७७ सालचं, कथा २२७७ सालची. दोनशे वर्षं उलटली तरी दुकानांत डबाबंद अन्न शिल्लक, आणि माणसं राहतात त्या खोलीतसुद्धा सांगाडे जिथल्या तिथे. दोन शतकांत कुणी केर काढला नाही? 'फॉलआउट ४'मध्ये (२०१५) बोस्टन रंगवताना हीच चूक कायम राहिली, पण एक मार्मिक भर पडली. फेनवे पार्कच्या वस्तीत बॅट विकणारा एक दुकानदार आहे. बेसबॉल म्हणजे दोन संघांनी एकमेकांना बॅटने ठार मारायचा खेळ, अशी त्याची खात्री आहे. मैदान उरलं, खेळाची आठवण नासली. शहर विसरलं जातं म्हणजे नेमकं काय होतं, हे इथे कोसळलेल्या मनोऱ्यांपेक्षा अधिक चांगलं कळतं.

नकाशाच्या पातळीवरचं शिखर म्हणजे 'द डिव्हिजन' (२०१६). स्वीडनमधल्या माल्मोच्या मॅसिव्ह एंटरटेनमेंटने उभं केलेलं मॅनहॅटन बर्फ, धुकं, वाफाळणारी गटारं आणि बेवारस गाड्यांसह इतकं नेमकं आहे की रस्त्यांच्या क्रमांकांवरून वाट काढता येते. देवीच्या विषाणूचा एक कृत्रिम अवतार ब्लॅक फ्रायडेच्या खरेदीत नोटांवरून पसरतो, ही कल्पनाही शहराचा व्यवहार ओळखणारी. पण एवढ्या मेहनतीने उभारलेल्या शहरात शत्रू कोण, ते पाहा: हुडी घातलेले दंगेखोर, रायकर्स बेटाच्या तुरुंगातून सुटलेले कैदी आणि ज्वाला फेकणारी यंत्रं पाठीला बांधलेले सफाई कामगार. खेळणारा मात्र सरकारचा गुप्त सैनिक. ज्यांच्या हातांवर शहर चालतं त्यांनाच गेमने निशाण्यावर घेतलं, आणि तेही फारसा विचार न करता. चार वर्षांनी, २०२० साली, खऱ्या न्यूयॉर्कवर साथ आली. जेव्हिट्स सेंटर या प्रदर्शन केंद्राचं रुग्णालय झालं. आपल्याकडे मुंबईत बीकेसीच्या मैदानावर तेच घडलं. त्या दिवसांत दोन्ही शहरांत कचरा उचलणारे रोज कामावर येत होते. साथीत शहर कसं वागेल, याचा गेमने बांधलेला अंदाज नेमका इथे फसला.

'द डिव्हिजन २' (२०१९) वॉशिंग्टनमध्ये घडतो आणि थोडा सुधारलेला आहे. यात वस्त्या आहेत, नाक्यांवर अन्न-पाणी पोचवावं लागतं, मदत मिळाली की वस्ती बदलते. मात्र देशाच्या राजधानीत, व्हाइट हाउसमध्ये तळ ठोकून, बंदुकीच्या जोरावर सुव्यवस्था आणणारा हा गेम राजकीय विधान करत नाही, अशी निर्मात्यांची भूमिका होती. २०१९च्या सुरुवातीला अमेरिकेत सरकारी कामकाज ठप्प होऊन कर्मचाऱ्यांचे पगार अडकले होते. खरं 'शटडाउन' कसं असतं ते आमच्या गेममध्ये पाहा, अशा अर्थाची जाहिरात गेमची प्रकाशक कंपनी युबिसॉफ्टने ई-मेलवरून केली आणि लगोलग माफी मागितली. खऱ्या शहराचा पत्ता वापरायचा आणि त्याच्या राजकारणाशी संबंध नाही म्हणायचं, हे फार काळ टिकत नाही.

व्यवहाराची पातळी खऱ्या अर्थाने गाठली ती पूर्व युरोपातल्या निर्मात्यांनी. दिमित्री ग्लुखोव्स्कीच्या कादंबरीवर बेतलेला 'मेट्रो २०३३' (२०१०) कीव्हच्या फोर-ए गेम्सने केला. मॉस्कोची मेट्रो १९३५ साली सुरू झाली आणि दुसऱ्या महायुद्धात तिची खोल स्थानकं बॉम्बहल्ल्यांत निवारा ठरली. म्हणजे लोकांनी मेट्रोत राहणं हा इतिहासच आहे. कथेत तो ताणून राज्यशास्त्र केला आहे. लाल मार्गिकेवर कम्युनिस्ट, वर्तुळ मार्गावर व्यापाऱ्यांचा संघ, मधल्या स्थानकांवर फॅसिस्ट. रोजचा प्रवासी भिंतीवर पाहतो तो मेट्रोचा नकाशा इथे सरहद्दींचा नकाशा होतो. जुन्या काळातली उत्तम प्रतीची काडतुसं हेच चलन. गोळी झाडली की पैसा गेला. जमिनीवर आलं की गॅस मास्कच्या फिल्टरची मिनिटं मोजावी लागतात, त्यामुळे उद्ध्वस्त मॉस्को डोळे भरून पाहण्याची चैन परवडतच नाही. शहराचं मोडणं इथे खेळाच्या नियमांत उतरलं आहे. चित्र त्यामानाने साधं, पण अनुभव असा की पुढची कितीतरी झगमगती अवशेषशहरं त्यापुढे फिकी वाटतात. फेब्रुवारी २०२२मध्ये रशियन हल्ला झाला तेव्हा कीव्हचे लोक खरोखरच मेट्रोच्या स्थानकांत रात्री काढू लागले. युद्धाला विरोध केल्याबद्दल ग्लुखोव्स्कीला रशियन न्यायालयाने २०२३ साली गैरहजेरीत शिक्षा सुनावली.

कीव्हच्याच जीएससी गेम वर्ल्डचा 'स्टॉकर: शॅडो ऑफ चेर्नोबिल' (२००७) याहून वेगळ्या अडचणीत होता, कारण त्याचं शहर आधीच मेलेलं होतं. प्रिप्यात १९७० साली वसलं आणि चेर्नोबिल अणुभट्टीचा स्फोट झाल्यावर दुसऱ्या दिवशी, २७ एप्रिल १९८६ला, रिकामं केलं गेलं. तिथला आकाशपाळणा १ मेला सुरू व्हायचा होता. निर्मात्यांनी निषिद्ध क्षेत्रात जाऊन छायाचित्रं घेतली, मग अंतरं आकसून, जागा सरकवून स्वतःचा नकाशा केला. नकाशाशी केलेली ही बेइमानी योग्यच ठरली. कारण त्यांनी जपलं ते त्या जागेचं वागणं: संकट डोळ्यांना दिसत नाही, नट-बोल्ट पुढे फेकून वाट तपासावी लागते, लोभापायी आलेली माणसं शेकोटीभोवती गिटार वाजवत बसतात. त्याच वर्षीच्या 'कॉल ऑफ ड्यूटी ४'नेही प्रिप्यात दाखवलं. ते अप्रतिम आहे, पण ते नेमबाजाच्या दुर्बिणीतून दिसणारं नेपथ्य आहे. बाहेरच्याने पाहिलेलं शहर आणि घरच्याने सोसलेलं शहर यांतला फरक या दोन गेमच्या तुलनेत स्वच्छ दिसतो. 'स्टॉकर २' २०२४च्या नोव्हेंबरमध्ये आला तो युद्धातून वाट काढत. चमूतली काही मंडळी प्रागला हलली होती, नावातलं रशियन उच्चाराचं 'चेर्नोबिल' जाऊन युक्रेनियन 'चोर्नोबिल' आलं होतं आणि रशियन संवाद वगळले होते.

अमेरिकन गेमांत या उंचीजवळ जातो तो 'द लास्ट ऑफ अस'. पहिल्या भागात (२०१३) बोस्टन, पिट्सबर्ग, सॉल्ट लेक सिटी हे पडाव आहेत. पिट्सबर्गमध्ये लष्करी राजवट लोकांनी उलथली आणि मग तेच वाटमारे झाले, ही कथा कुणी तोंडाने सांगत बसत नाही. भिंतींवरच्या घोषणा आणि टाकून दिलेल्या चिठ्ठ्या वाचून ती जुळवावी लागते. दुसऱ्या भागातलं (२०२०) सिअ‍ॅटल अधिक भरीव आहे. शहराच्या मध्यभागात हाती एक कागदी नकाशा येतो; बँक, न्यायालय, सिनेगॉग अशा जागा धुंडाळत त्यावर खुणा होत जातात. एक टोळी फुटबॉलच्या स्टेडियममध्ये शेती आणि शाळा चालवते, दुसरी बेटावर राहते, आणि पावसाळी सिअ‍ॅटलचं पाणी दोघांमधली सरहद्द होतं. तक्रार एवढीच की हे सगळं बघावं इतकं सुरेख आहे. हिरवाईखाली झाकलेलं शहर डोळ्यांना निववतं, आणि तिथे मेलेल्यांचा विसर पडू लागतो.

उलट जपानच्या अ‍ॅटलस कंपनीचा 'शिन मेगामी तेन्सेई' (१९९२) चौकोनी भिंतींच्या ओबडधोबड चित्रांत टोकियो दाखवतो. पण तो आधी शहर वापरायला देतो. किचिजोजी या उपनगरातलं घर, आई, बाजारपेठ. मग क्षेपणास्त्रं पडतात आणि नायक तीस वर्षांनंतरच्या टोकियोत परततो. वास्तव्य आधी, विनाश नंतर. बहुतेक महागडे गेम नासाडीपासूनच सुरुवात करतात आणि शहर गमावल्याची कळ खेळणाऱ्याने घरून आणावी अशी अपेक्षा ठेवतात.

उद्ध्वस्त व्हायचा मानही ठरावीक शहरांनाच मिळतो: न्यूयॉर्क, वॉशिंग्टन, लंडन, मॉस्को, टोकियो. 'स्पेक ऑप्स: द लाइन'ने (२०१२) दुबई वाळूखाली गाडली. बर्लिनच्या यागर कंपनीचा हा गेम अमेरिकन सैनिकाच्या शौर्याची निर्दय चिरफाड करतो, यात शंका नाही. पण त्या दुबईत अमेरिकन सोडून बाकीचे बहुतेक निनावी गर्दी आहेत. ज्या शहरात भारतीय कामगार, कारकून, दुकानदार यांची संख्या डोळ्यांत भरावी एवढी आहे, मराठी मंडळं गणपती बसवतात, तिथे ही माणसं वादळात कुठे गेली याचा पत्ता नाही. भारताचा या कलेशी आलेला लक्षात राहावा असा संबंधही उलटाच. मायक्रोसॉफ्टने २००८ साली सांस्कृतिक संवेदनशीलतेचं मोघम कारण देत 'फॉलआउट ३' इथे विकायचा नाही असं ठरवलं. त्यातल्या दोन डोक्यांच्या गायीचं नाव 'ब्राह्मिन' असल्याची चर्चा तेव्हा झाली. आज पुण्या-मुंबईत युबिसॉफ्टचे स्टुडिओ आहेत, पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने 'राजी'सारखा (२०२०) देखणा गेम केला आहे. कसबाची उणीव नाही. पण मुंबई किंवा पुणं मोडताना नेमकं काय मोडेल, हे ठरवणारा गेम अजून व्हायचा आहे. गेटवे ऑफ इंडिया पाडून दाखवणं सोपं आहे. तानसाची जलवाहिनी फुटली, लोकल थांबली, तर कोणत्या वस्तीत किती दिवसांनी काय होईल, हा त्याहून अवघड आणि अस्सल विषय आहे.

तंत्राची सबब आता उरलेली नाही. २०२४च्या जुलैत हौशी मंडळींनी 'फॉलआउट ४'च्या पायावर 'फॉलआउट: लंडन' उभा करून फुकट वाटला आणि मोठ्या कंपनीविना अख्खं शहर उभारता येतं, हे त्यांनी दाखवलं. चित्र आणि नकाशा यांवर खर्च होणारी मेहनत यापुढे कौतुकाचा विषय राहू नये, ती गृहीत धरावी. पुढच्या गेमला विचारायचे प्रश्न वेगळे आहेत: या शहराचं पाणी कुठून येत होतं, ते बंद झाल्यावर आधी कोण तहानेलं राहिलं, आणि ते परत सुरू करायला खेळणाऱ्याला बंदुकीखेरीज दुसरं काही करता येतं का? ज्या चमूकडे याची उत्तरं नसतील त्याने शहर काल्पनिक ठेवावं. आणि ज्याला खरा पत्ता वापरायचा आहे त्याने छायाचित्रकाराबरोबर पाणीखात्याचा एखादा निवृत्त इंजिनिअरही सोबत घ्यावा.