वाटणीच्या दाव्यांतील विलंब : प्राथमिक हुकूमनामा ते प्रत्यक्ष ताबा

कौटुंबिक मिळकतीच्या वाटणीस होणाऱ्या विलंबाची चर्चा बहुधा न्यायाधीशांची अपुरी संख्या आणि पुन्हा पुन्हा पडणाऱ्या तारखा यांभोवतीच फिरते. ती चुकीची नसली तरी शेतजमिनीच्या बाबतीत अपुरी आहे. न्यायालय प्राथमिक हुकूमनाम्याने एकतृतीयांश वा एकषष्ठांश असा हिस्सा ठरविते. तो बांधाच्या कोणत्या बाजूस, विहिरीकडे की माळाकडे, हे त्यातून ठरत नाही. दावा जिंकलेल्या पक्षकाराची खरी प्रतीक्षा बहुधा येथून सुरू होते.

सर्वोच्च न्यायालयाने या उणिवेची दखल घेतली आहे. शुभकरण बुबना खटल्यात (२००९) अंतिम हुकूमनाम्यासाठीच्या अर्जास मुदतीचे बंधन नाही, तो मूळ दाव्याचाच पुढील टप्पा होय, असे स्पष्ट झाले. कट्टुकंडी खटल्यात (२०२२) प्राथमिक हुकूमनाम्यानंतर कनिष्ठ न्यायालयांनी स्वतंत्र अर्जाची वाट न पाहता स्वतःहून पुढील कार्यवाही करावी, असा निर्देश देण्यात आला. निर्देश स्वागतार्ह आहे. मात्र त्याचा रोख न्यायालयाच्या स्वतःच्या कामकाजावर आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ५४ आणि आदेश २०, नियम १८(१) यांनुसार सारा आकारलेल्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी जिल्हाधिकाऱ्यांमार्फत व्हावयाची असते. गावठाणातील घराची वाटणी न्यायालय आयुक्त नेमून करू शकते. उसाचे शेत मात्र महसूल खात्याच्या दफ्तरात जाते. एकाच निकालाच्या अशा दोन वाटा होतात आणि दुसरीवर न्यायालयाचे लक्ष फारसे राहत नाही.

महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम ८५ व १९६७ चे धारण जमिनींच्या विभाजनाचे नियम यांखाली तेथे नोटिसा, भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी, सरस-निरस मानाने वाटप, हरकती आणि अपिले असा क्रम चालतो. दरम्यान एखादा सहहिस्सेदार मृत झाल्यास त्याचे वारस सामील करावे लागतात. हिस्सा प्रमाणभूत क्षेत्राहून लहान ठरत असेल, तर तुकडेबंदी कायद्याच्या कलम ८अअ प्रमाणे जमिनीऐवजी रोख भरपाईचा प्रश्न उभा राहतो. मग मूल्यांकनावरून नवा वाद. या सर्व काळात जमीन ज्याच्या वहिवाटीत असते त्याला उसाचे बिल मिळत राहते. विलंब त्याला परवडतो. मधल्या उत्पन्नाचा हिशेब मागता येतो, पण तोही पुन्हा चौकशीअंतीच.

करवीर तालुक्यातील गडमुडशिंगीसारख्या गावात या दिरंगाईची किंमत अधिक ठळक होते. कोल्हापूर विमानतळाच्या विस्तारीकरणासाठी येथील जमीन संपादनाखाली आली. भूसंपादनाच्या २०१३ च्या कायद्यातील कलम ७७ नुसार मोबदल्याच्या विभागणीबाबत वाद असल्यास रक्कम प्राधिकरणाकडे जमा होते. म्हणजे जेथे वाटणी रखडलेली असेल तेथे जमीन जाते आणि पैसाही अडकतो.

तथापि विलंब सर्वांनाच सारखा मारक ठरला, असे म्हणता येत नाही. विनीता शर्मा निकालाने (११ ऑगस्ट २०२०) मुलींचा सहदायाद हक्क जन्मसिद्ध मानला आणि प्राथमिक हुकूमनामा झालेला असला तरी अंतिम टप्प्यात त्यांना समान हिस्सा देण्याचे सांगितले. ज्या कुटुंबांत वाटणी केवळ कागदावर होती, तेथे बहिणींना दार उघडे मिळाले ते याच रेंगाळण्यामुळे. हा न्याय योगायोगावर बेतलेला आहे, ही टीका मात्र टाळता येणार नाही : वाटणी तत्परतेने पूर्ण झालेल्या शेजारच्या घरातील बहिणीस तो मिळाला नाही. शिवाय त्याच निकालात प्रलंबित प्रकरणे शक्यतो सहा महिन्यांत निकाली काढण्याची अपेक्षा व्यक्त झाली होती. महसुली टप्प्याला तशी मुदत कोणी घातली नाही.

१८ ऑगस्ट २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचचे कामकाज सुरू झाले. कोल्हापूरसह सहा जिल्ह्यांतील पक्षकारांची मुंबईची फेरी त्यामुळे वाचली, दुसऱ्या अपिलाचा खर्चही कमी होईल. बांधावर हद्दीच्या खुणा घालण्यासाठी गडमुडशिंगीच्या सहहिस्सेदाराला जावे लागते ते मात्र पूर्वीप्रमाणेच तहसील आणि भूमी अभिलेख कार्यालयात.