प्रामाणिक वरकमाई

न्यूयॉर्क राज्याचे सिनेटर व टॅमनी हॉल या प्रबळ पक्षसंघटनेचे एक विभागप्रमुख जॉर्ज वॉशिंग्टन प्लंकिट (१८४२–१९२४) यांचीं राजकारणावरील संभाषणें विल्यम रायर्डन या वार्ताहरानें १९०५ सालीं ग्रंथरूपानें प्रसिद्ध केलीं. कोर्टांतील बूटपॉलिशवाल्याच्या बैठकीवर बसून हे गृहस्थ प्रामाणिक व अप्रामाणिक वरकमाईंतील भेद समजावून सांगत! खजिना लुटणें हें पाप. पण सार्वजनिक बाग कोठें होणार याची आगाऊ बातमी काढून तेथील जमीन घेणें व पुढें नफ्यानें विकणें ही केवळ दूरदृष्टि, असें त्यांचें शास्त्र.

पुस्तक विनोदी म्हणून वाचलें जातें. आम्हांस त्यांत विनोदाहून अधिक कांहीं दिसतें. आगीनें उघड्यावर पडलेल्या कुटुंबास अपरात्रीं निवारा देणारे, बेकारास काम मिळवून देणारे हेच गृहस्थ होते. सुधारकांचीं व्याख्यानें मतदारांस कां रुचत नसत, याचें उत्तर येथें आहे. मात्र या औदार्याचा खर्च शेवटीं शहरासच सोसावा लागे, हा मुद्दा रायर्डन काढीत नाहींत. हें वैगुण्य लहान नव्हे. तरीहि सज्जनांनीं हा ग्रंथ अवश्य वाचावा. प्लंकिटांची निंदा करणें सोपें. ते ज्या दारीं गेले, त्या दारीं आपण कां गेलों नाहीं, हें सांगणें कठीण.