टोबा टेकसिंग : पत्र्याच्या पेट्यांतील कथा

सआदत हसन मंटो यांची ‘टोबा टेकसिंग’ ही कथा आम्ही कागदावर वाचली. चित्रकर्ती नलिनी मलानी यांनी ती एका खोलीत उभी केली आणि वाचकाला त्या खोलीच्या मधोमध नेऊन सोडले. आपल्या साहित्यिक वर्तुळात या धाडसाची चर्चा फारशी झाली नाही, म्हणून हे टिपण.

मलानींचा जन्म १९४६ चा, कराचीचा. फाळणीमुळे कुटुंब भारतात आले. मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात त्या शिकल्या. चित्रकार अकबर पदमसी यांच्या कार्यशाळेत १९६९ साली त्यांनी कॅमेरा हाती घेतला. पुढे १९९३ मध्ये अभिनेत्री अलकनंदा समर्थ यांच्यासोबत मुंबईच्या मॅक्सम्युलर भवनात त्यांनी जर्मन नाटककार हायनर म्युलर यांच्या संहितेवर प्रयोग केला. त्यात जिवंत अभिनय, चित्रे आणि व्हिडिओ एकत्र आले.

मे १९९८ मध्ये भारत व पाकिस्तान या दोन्ही देशांनी अणुचाचण्या केल्या. ‘रिमेंबरिंग टोबा टेकसिंग’ ही कलाकृती त्यातूनच आली आणि मुंबईच्या तेव्हाच्या प्रिन्स ऑफ वेल्स संग्रहालयात मांडली गेली. चार प्रक्षेपणे आणि पत्र्याच्या पेट्यांत बसवलेले बारा पडदे, असा वीस मिनिटांचा हा खेळ. पत्र्याची पेटी म्हणजे काय, हे आमच्या घरांत समजावून सांगावे लागत नाही. लग्नात येते ती, रजया ठेवतात ती, आणि घर सोडायची वेळ आली तर आधी उचलतात तीच. समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया एकच साडी घडी करू पाहतात. मध्ये प्रेक्षक उभा असतो. मंटोचा बिशनसिंग ज्या जागी कोसळला, ती हीच जागा.

इथे तंत्रज्ञान कथेवर स्वार होत नाही, हे आम्हाला महत्त्वाचे वाटते. बिशनसिंगचे बोलणे कोणत्याच एका भाषेचे नाही. तेलंगणाच्या सीमेलगतच्या आमच्या मुकुटबनच्या बाजारात मराठी, तेलुगू, कोलामी आणि उर्दू एकमेकींत मिसळतात. त्यामुळे तशी बोली आम्हाला वेडगळ वाटत नाही. तिला वेडगळ ठरवते ती सरहद्द.

मात्र एक तक्रार नोंदवावीशी वाटते. २०१२ मध्ये जर्मनीतील कासेल येथील डॉक्युमेंटा प्रदर्शनात मलानींनी ‘इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड’ मांडले. आतून रंगवलेले दंडगोल फिरतात आणि भिंतींवर सावल्या धावतात. शीर्षक फैज यांच्या नज्मेवरून घेतलेले, पण ते आगा शाहिद अली यांच्या इंग्रजी अनुवादातून. जगाला फैज पोहोचला, याचा आनंद आहेच. पण उर्दू शब्दाचा आवाज वाटेत राहिला. जी कला विस्थापितांची पेटी इतक्या मायेने उघडते, तिने पेटीतली भाषाही तिच्याच उच्चारात ऐकवायला हवी होती.

मलानींना २०२३ मध्ये जपानचा क्योटो पुरस्कार मिळाला. ही कामे आम्हाला मात्र छायाचित्रे आणि चित्रफितींतूनच पाहावी लागली. व्हिडिओ ही सहज प्रवास करणारी गोष्ट. वणी किंवा यवतमाळच्या एखाद्या सभागृहात ती कामे आली, तर आमची मुले मंटोला परीक्षेच्या प्रश्नाबाहेर भेटतील. त्या पेट्या कुणाच्या, हे ती न सांगता ओळखतील.