ड्रोन घरी ठेवून या

पावसाळा लागला की शहापूर-मुरबाड रस्त्यावर, सापगावच्या पुलाजवळ भातसेवर ड्रोन घुमू लागतात. हिरवीगार शेतं, ढगांत अर्धा बुडालेला माहुली गड, मागून बासरी. हल्लीच्या मराठी सिनेमातलं गावही असंच असतं: धुऊन काढलेलं, माणसं मुंगीएवढी. बाहेर पडणारा प्रेक्षक ‘छायाचित्रण मस्त’ म्हणतो, तेव्हा माझं डोकं फिरतं.

अशा वेळी मला अविनाश अरुणचा ‘किल्ला’ आठवतो. त्यानंच दिग्दर्शित केलेला, त्यानंच टिपलेला. २०१४ साली बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात मुलांच्या परीक्षक मंडळानं त्याला क्रिस्टल बेअर दिलं. मुलांनाच तो आवडला यात नवल नाही. कॅमेरा छोट्या नायकाच्या, चिन्मयच्या खांद्याला खांदा लावून चालतो. मित्र त्याला किल्ल्यावर टाकून जातात आणि पाऊस कोसळतो, तेव्हा कोकण देखणं दिसत नाही, भीती वाटते. बाप गेलेल्या, आईच्या बदलीमागे फरफटलेल्या पोराचा तो पाऊस आहे.

२०१५ साली त्याच माणसानं ‘मसान’मध्ये चितांच्या उजेडातलं बनारस टिपलं आणि ‘दृश्यम’मध्ये गोव्यातल्या एका चौकोनी कुटुंबाचा थरार. पुढे ‘हिचकी’तला शाळेचा वर्ग, ‘पाताल लोक’च्या दिग्दर्शनातला वाटा, आणि ‘थ्री ऑफ अस’मध्ये पुन्हा कोकण. स्मृती निसटत चाललेली बाई वेंगुर्ल्यात लहानपण शोधायला येते आणि कॅमेरा तिला घाई करत नाही. घाट, पोलीस चौकशी, वर्ग, समुद्र. याला लोक अष्टपैलू म्हणतात. मला दिसतो तो एकच पैलू: माणसाजवळ उभं राहायचं.

असे इतर थोडेच आहेत. ‘कोर्ट’मध्ये मृणाल देसाईंचा कॅमेरा जागचा फारसा हलत नाही आणि तरी सगळं सांगतो. ‘सैराट’मधला स्लो मोशन सुधाकर रेड्डी यक्कंटींनी प्रेमात पडलेल्यांसाठी राखला; नकलाकारांनी त्यात ओढण्या उडवल्या. इतिहासपटांतल्या मशाली आणि धुरावर मी शाई खर्च करणार नाही.

निर्माते म्हणतील, ड्रोन स्वस्त पडतो. पडतोच. माणसाच्या डोळ्यांत बघायचं टाळता येतं, हा आणखी एक फायदा.

पण याच शहापूर तालुक्यात भातसा धरण आहे, तानसा आहे, मोडकसागर आहे. मुंबई त्यांचं पाणी पिते, आणि उन्हाळ्यात इथल्या पाड्यांवर बायका टँकरची वाट बघतात. वरून जलाशय दिसतो, आरशासारखा. हंडा दिसत नाही. तो दिसायचा तर रांगेत उभं राहावं लागतं, तेही उन्हात. १९३६ साली ‘संत तुकाराम’मध्ये छायाचित्रकार व्ही. अवधूत जमिनीवर उभे राहू शकले, तर आजच्या पोरांच्या पायांना काय झालं?

मे महिन्यात या. ड्रोन घरी ठेवून या.